मेल्चोराचा चर

मेल्चोरा औक्कासी हिच्याविषयी लिहायचे तर आरंभ रस्त्यापासून करणे क्रमप्राप्त आहे, कारण तिचा जन्म रस्त्यावरच झाला. त्या काळी राजधानी लिमाच्या सरकारने कायदा केला होता, की डोंगरातल्या प्रत्येक धडधाकट पुरुषाने दरवर्षी ठरावीक दिवस रस्त्याच्या कामावर विनामोबदला राबावे. ज्यांच्याजवळ पैसे होते त्यांनी ते भरून सुटका करून घेतली. पुकाकासा गावात तसे कोणी नव्हते. मेल्चोराचा बाप पहार घेऊन कड्याच्या कामावर जाई आणि आई दुपारी उकडलेले बटाटे घेऊन त्याच्यामागे जाई. अशाच एका दुपारी, वळणावरच्या कपारीत, ती जन्मली. मुकादमाने बापाला उरलेला दिवस सुट्टी दिली आणि ती पुढच्या आठवड्यात भरून घेतली.

रस्ता झाला आणि सरकार तो विसरले. परंतु रस्ता विसरला नाही. त्यावरून पहिल्यांदा मिठाची पोती आली, पाठोपाठ लोकर नेणारे व्यापारी, मग फौजेसाठी पोरे धरून नेणारे शिपाई, आणि पुष्कळ वर्षांनी, पोत्यांवर बसून, मी. मला येथे शाळा उघडायची होती. त्याच रस्त्याने येथली माणसे लिमाला गेली आणि बहुतेक तिथलीच झाली. मेल्चोराची एकुलती मुलगीही लग्न करून तिकडे स्थिरावली. कोणता रस्ता कशासाठी बांधला हे बांधणाऱ्याला कोणी सांगत नाही आणि त्यावरून काय येणार हे बांधवून घेणाऱ्यालाही ठाऊक नसते, असे मला इतक्या वर्षांनंतर वाटते.

सरकार विसरले तरी पावसाळ्यानंतर दरडी कोसळत, गटारे बुजत. ते काम गावच करी. त्या सामाईक कामाला आमच्याकडे फाएना म्हणतात. त्याची रीत अशी, की गावचा काठीधारी, म्हणजे त्या वर्षीचा गावप्रमुख, लामा या जनावराच्या लोकरीचा दोर घेऊन रस्ता मापी आणि प्रत्येक घराला एक तुकडा नेमून देई. खालच्या टोकापासून खालली आळी, तिच्यापुढे वरली आळी, आणि अगदी शेवटचा तुकडा काठीधाऱ्याच्या घराचा. दोन्ही आळ्यांत चढाओढ लागे. बायका चिचा, म्हणजे मक्याची आंबवलेली दारू, घेऊन येत, कोकाची पाने वाटली जात, टोमणे चालत, आणि काम संध्याकाळच्या आत उरके. मी पुष्कळ कार्यालये पाहिली. इतकी काटेकोर व्यवस्था मला क्वचितच आढळली.

या रीतीत एक नियम होता आणि तो कोणी कधी मोडत नसे. ज्या घराने माती उघडली, त्याच घराने ती झाकायची. बटाट्याचा साठा असो, घराचा पाया असो, की गटार असो, दुसऱ्याने खणलेला खड्डा भरायला कोणी हात लावत नसे. याला एकच अपवाद, आणि तोच त्या नियमाचे कारण होता. थडगे एकांनी खणायचे आणि दुसऱ्यांनी बुजवायचे. वरल्या आळीचा माणूस गेला तर माती लोटायला खालली आळी येई. म्हणून कोणाचा खड्डा परक्याने बुजवणे म्हणजे त्या घरातल्या जित्या माणसाला पुरणे, असे लोक मानीत. मी शाळेत भूगोल शिकवीत असे, त्यात हे नव्हते. पण माझ्या परसातला खड्डाही मी स्वतःच भरत असे.

ज्या वर्षाची ही हकिगत आहे, त्या वर्षी, म्हणजे एकोणीसशे त्र्याऐंशी साली, काठी मेल्चोराचा नवरा नासारियो याच्याकडे होती. ती काळ्या ताडाच्या लाकडाची, चांदीच्या कड्या बसवलेली काठी गावात सर्वांत मानाची. नासारियो मितभाषी. गालात कोकाची पाने धरून तो इतका वेळ विचार करी, की विचारणारा प्रश्न विसरे. मेल्चोरा त्याच्या अगदी उलट. छप्पन्न वर्षांची, बुटकी, तोंडाने फटकळ, आणि चिचा करण्यात तिचा हात कोणी धरू शकत नसे. काठी ह्यांच्या हातात असते, पण गाव माझ्या हाकेनं उठतं, असे ती लोकांदेखत म्हणे आणि नासारियो त्यावर मान डोलावी.

जून महिना, म्हणजे आमच्याकडचा हिवाळा होता. कापणी संपली होती, पहाटे दहिवर गोठत होते. एका दुपारी डोंगरातले बंडखोर गावात उतरले. त्यांची म्होरकी एक विशीतली मुलगी होती. दोन वेण्या, पायात बूट, खांद्याला बंदूक. बोलणे मात्र अगदी आमच्यासारखे, कुठल्यातरी गावची लेक असणार. तिने लोकांना चौकात जमवले आणि सांगितले, की फौजेचे ट्रक येणार आहेत, अंधार पडण्यापूर्वी रस्ता तोडायचा. जो येणार नाही त्याचे नाव विचारले जाईल. आदल्या महिन्यात नदीपलीकडच्या गावात एकाचे नाव विचारले गेले होते, आणि तो कुठे सापडला हे सर्वांना ठाऊक होते.

नासारियोने बराच विचार करून तिला एकच विचारले, किती तोडायचा. ती म्हणाली, ट्रक जाता कामा नये इतका.

तो घरी गेला आणि दोर घेऊन आला.

येथे वाचकाला प्रश्न पडेल, की जुलमाने करायच्या कामाला दोर कशाला. त्याचे उत्तर सरळ आहे. गावाला रस्त्यावर काम करण्याची ती एकच रीत येत होती, आणि घाईच्या वेळी माणसाचे हात येत असलेल्या रीतीनेच चालतात. एका बाजूला कडा आणि दुसऱ्या बाजूला दरी, अशा चढावर त्याने मापून दिले. दर घरामागे एक आडवा चर. खालून खालली आळी, वर वरली आळी, शेवटचा चर काठीधाऱ्याचा. मेल्चोराने चिचेची घागर आणली. थोड्या वेळाने टोमणेही सुरू झाले. खालल्या आळीचा सिप्रियान साठीला आलेला, गावचा वात्रट. तो वरल्या आळीच्या चरांकडे पाहत म्हणाला, की कोंबडीनं उकरलंय का तुमच्याकडं, का नुसतं पाय घासलेत. लोक हसले. म्होरकी जवळ आली.

"ही जत्रा नाही," ती म्हणाली.

"खरंय बाई," सिप्रियान म्हणाला. "पण मुक्यानं खणलं की माती परत आत पडते. तुझ्या बापाला विचार."

ती मान फिरवून दरीकडे पाहत राहिली. ऊन उतरण्याच्या सुमारास काम आटोपले. निघताना तिने नासारियोला बजावले, की हे चर कोणी बुजवले, तर कोणाच्या सांगण्यावरून बुजवले ते आम्ही परत येऊन विचारू.

ते दृष्टीआड होताच गाव देवळात जमले. ट्रक येणार, आणि रस्ता कोणी तोडला हे फौज विचारणार, हे सर्वांना दिसत होते. खरे सांगितले तर पोरांना बापांसकट नेतील. मार्ग मेल्चोराने सुचवला. परकी माणसे आली, त्यांनी आम्हाला देवळात कोंडले, त्यांनीच खणले, आम्ही काही पाहिले नाही. एवढेच प्रत्येकाने सांगायचे, कमी नाही आणि जास्तही नाही. तिने एकेकाला उभे करून वदवून घेतले. सिप्रियानने मधेच, कोंडले तर कोंडले, पण चिचा तरी दिली होती का असे विचारले. तेव्हा तिने त्याच्या डोक्यावरची टोपी काढून त्याच्या तोंडावर दाबली. सगळे पाठ झाल्यावरच तिने दार उघडले. जिभांची तयारी पुरी झाली होती. हातापायांचा विचार कोणाच्याही मनात आला नाही.

दुसऱ्या दिवशी ऊन चढल्यावर दोन ट्रक आले आणि खालच्या पहिल्या चराशी थांबले. तुकडीचा प्रमुख एक तरुण लेफ्टनंट होता, किनाऱ्याकडचा. उंचीवरच्या विरळ हवेने त्याचे ओठ निळे पडले होते. त्याला आमची केचुआ भाषा येत नव्हती, म्हणून दुभाषेपण माझ्याकडे आले. त्याने प्रथम नासारियोला विचारले, मग दोन म्हाताऱ्यांना, मग मेल्चोराला. सर्वांनी पाठ केलेले सांगितले आणि मी ते स्पॅनिशमध्ये सांगितले. मेल्चोराने तर देवळाच्या दाराला बाहेरून अडसर कसा लावला तेही हाताने दाखवले. लेफ्टनंट ऐकत होता. त्याचा पूर्ण विश्वास बसला नव्हता, पण अविश्वासालाही काही धरून बसायला मिळत नव्हते. त्याला पुढे जायचे होते. चढापलीकडे, जिल्ह्याच्या गावी, त्याचा तळ होता.

"परक्यांनी तोडला ना," तो शेवटी म्हणाला, "मग तुम्हालाही तो नीट झालेला हवा असेल. सांगा ह्यांना, फावडी घ्या. सगळ्यांनी. आत्ता."

मी सांगितले. नासारियोला त्याने स्वतःजवळ थांबवून घेतले होते. लोकांनी पहारी, फावडी उचलली आणि ते रस्त्याला लागले. काम अवघड नव्हते, प्रश्न संपले होते, लोकांचे खांदे जरा सैलावले होते. मेल्चोराला सर्वांत दूर जायचे होते. ती चढ चढून वरच्या टोकाला पोहोचली, फावडे टेकवले, पोटऱ्यांना आराम द्यावा म्हणून मागे वळली, आणि तिने खाली पाहिले.

त्या क्षणी काय दिसले ते पुढे तिने मला सांगितले. सगळा चढ तिच्यासमोर होता. प्रत्येक चराशी एक घर उभे होते, नवरा, बायको, सून. एकाही चराशी दोन घरे नव्हती आणि एकही चर रिकामा नव्हता. कोणी कोणाला विचारले नव्हते, कोणी कोणाला जागा दाखवली नव्हती. जे तोंडांनी लपवले होते ते पायांनी जाऊन सांगितले होते.

तिने वरून हाक दिली, "सिप्रियान, तू इकडं ये. वरल्या आळीचे खाली जा. मिसळा, मिसळा सगळे."

कोणी हलले नाही. तिच्या बोलण्यातला हेतू त्यांच्या ध्यानात आला नाही; आला तो फक्त त्यातला अशुभ अर्थ.

"डोकं फिरलं का तुझं?" सिप्रियान खालून ओरडला. "तुझा चर मी बुजवू? नासारियो अजून श्वास घेतोय, बघ की."

लेफ्टनंटने मला विचारले, काय चालले आहे. कामावरून भांडताहेत, मी म्हणालो. तो थोडा वेळ चढाकडे पाहत राहिला. त्याच्याजवळ उभा असल्यामुळे त्याच्या चेहऱ्यावर ती गोष्ट कशी उमटत गेली, हे मला पाहावे लागले.

"मास्तर," तो हळू आवाजात म्हणाला, "माझी तुकडी अजून अशी रांगेत उभी राहायला शिकली नाही. ओरडून घसा बसला माझा. आणि ह्यांना कोणी एक शब्द सांगितला नाही. ह्यांना जागा कोणी नेमून दिल्या?"

मी उत्तर जुळवत होतो. फाएनाची रीत अशी असते, असे मी सांगू लागलो. ते खरेच होते. पण तेवढ्यात नासारियोने तोंडातली पाने काढून रस्त्याच्या कडेला ठेवली. तरुणपणी शिपायांनी त्याला याच रस्त्याने फौजेत धरून नेले होते. स्पॅनिश त्याला मी समजत होतो त्यापेक्षा अधिक येत होती.

"मी," तो म्हणाला.

"तू खणलंस?"

"दोर माझा. काठी माझी. खणणाऱ्याला विचारायचं नसतं, मापणाऱ्याला विचारायचं."

"आणि तुला कोणी सांगितलं?"

नासारियोने विचार केला. इतका वेळ, की लेफ्टनंटने पुन्हा विचारण्यासाठी तोंड उघडले.

"बंदुकीनं," तो म्हणाला. "काल ती तिकडं होती. आज तुमच्याकडं आहे. आज बुजवायचं ते पण मीच मापतो. ते आले की त्यांना पण मीच सांगणार. ह्या लोकांना कोणी काही विचारू नका."

तो आपल्या परीने मोठा हिशेब मांडत होता, हे मला त्या वेळी अर्धवटच कळले. दोन्ही बाजू प्रश्न विचारणार होत्या आणि दोन्ही बाजूंना उत्तर म्हणून एक माणूस हवा होता. दोघांना तोच एक माणूस मिळाला, तर बाकीचे वाचत होते.

लेफ्टनंटने त्याचे हात मागे बांधवले, काठी काढून घेतली आणि त्याला पहिल्या ट्रकमध्ये चढवले. तळावर चौकशी होईल, असे तो मला म्हणाला. तळावरच्या चौकशीला गेलेल्यांपैकी जे परतले होते, ते बोटांवर मोजण्याइतकेही नव्हते.

मग चर बुजू लागले. पहिला भरला, ट्रक पुढे सरकला. दुसरा भरला, पुन्हा सरकला. खालल्या आळीला प्रथम कळले, ट्रकमध्ये कोण आहे ते. त्यांची फावडी मंदावली. शिपाई मागून बंदुकीच्या दस्त्याने ढोसत होते. कोणी गात नव्हते. प्रत्येक भरलेल्या चरागणिक ते इंजिन वर येत होते, आणि वर, शेवटच्या चराशी, मेल्चोरा एकटी उभी होती. नासारियोच्या डोक्यावरची हॅट तिने ओळखली, तेव्हा ट्रक वरल्या आळीच्या मध्यावर आला होता. तिने आपला चर तोवर भरायला घेतला नव्हता. तिने फावडे आडवे ठेवले आणि ती मातीच्या ढिगावर बसली.

तिच्यापुढे रस्ता मोकळा होता, थेट तळापर्यंत. आता फक्त तेवढा एक चर मधे होता.

ट्रक येऊन थांबला. लेफ्टनंट उतरला, मला पुढे बोलावले. तिला उठायला सांगा. मी सांगितले. ती बसून राहिली. त्याने जवळच्या घरांना हुकूम केला, तुम्ही भरा. लोक जमिनीकडे पाहत उभे राहिले. एकाच्या छातीवर बंदूक टेकवली गेली. त्याचे हात फावड्याकडे गेले नाहीत. लेफ्टनंटला वाटले हा कट आहे. मी त्याला कारण समजावून सांगितले. बुजवणे म्हणजे काय, कोण बुजवू शकतो, कोण नाही. त्याने ते शेवटपर्यंत ऐकून घेतले, हे येथे नमूद करणे न्याय्य होईल. मग त्याने घड्याळ पाहिले.

"ठीक आहे," तो म्हणाला. "माझ्या माणसांना असं काही आड येत नाही." आणि त्याने दोन शिपायांना फावडी घ्यायला सांगितले.

त्यांपैकी एक शिपाई डोंगरातलाच असावा. त्याने फावडे उचलले आणि तो मेल्चोराकडे पाहत अवघडून थांबला. दुसरा नव्हता थांबणार. त्याने माती भरून फावडे वर घेतले.

"ठेव ते," मेल्चोरा म्हणाली, आणि उठली.

तिच्यासमोर त्या क्षणी दोनच गोष्टी होत्या. परक्याच्या हाताने चर बुजला असता, तर तिच्या लेखी नवरा जिवंतपणी पुरला जात होता. तिने स्वतः बुजवला, तर ट्रकला वाट करून देणारे हात तिचेच ठरणार होते. ट्रक दोन्ही परींनी जाणारच होता. हे तिला समजलेले होते, आणि तरीही कोणते तरी एक तिला निवडायचे होते.

ती माती लोटू लागली. एक थर टाकून ती पायांनी दाबी, मग दगड, मग पुन्हा माती. ट्रकच्या फळीवरून नासारियो पाहत होता.  मग केचुआमध्ये म्हणाला, "नीट ठोक. चाक रुतलं तर पुन्हा सगळ्यांना जुंपतील."

"अर्धवट काम मी कधी केलं?" ती वर न पाहता म्हणाली. "तुम्हीच बोला, तुमच्यानं कधी एक दार धड बसलंय?"

"नाही बसलं," तो म्हणाला.

त्यांचे एवढेच बोलणे झाले.

तिने चाकांच्या वाटेत माती घट्ट बसवली. परंतु दरीकडच्या टोकाला, जिथे चाक जात नाही, तिथे ती हातभर जागा सोडून थांबली. मी ते पाहिले. सगळ्या गावाने पाहिले. चर पूर्ण झाकलेला नव्हता. लेफ्टनंट पुढे आला, त्याने भरलेली जागा टाचेने दाबून पाहिली, आणि चालत कडेपर्यंत गेला.

"आणि हे?" त्याने विचारले.

मी तिला विचारले.  मेल्चोराने फावड्याच्या दांड्यावर दोन्ही हात ठेवले आणि अगदी रोजच्या आवाजात उत्तर दिले.

"पाण्याला वाट नको का? नाहीतर पहिल्याच पावसात सगळं दरीत जाईल. त्यांना म्हणावं, रस्ते आम्ही बांधलेत."

मी शेवटचे वाक्य गाळून भाषांतर केले. लेफ्टनंटने मान हलवली. दोन्ही ट्रक त्या मातीवरून गेले. माती दबली, पण खचली नाही. वळणावर नासारियोने मागे पाहिले की नाही, याविषयी गावात दोन मते आहेत. धूळ फार होती.

पुढच्या आठवड्यात मेल्चोरा उकडलेला मका आणि एक घोंगडे घेऊन पायी तळावर गेली. या नावाचा कोणी येथे आणलेलाच नाही, असे तिला फाटकावर सांगण्यात आले. ती पुन्हा गेली, पुन्हा तेच ऐकून आली. मी तिच्याबरोबर जाऊन अर्ज दिले, त्यांची उत्तरे आली नाहीत. पाऊस सुरू होण्यापूर्वी डोंगरातले परत आले, या वेळी म्होरका दुसरा होता. त्याने चौकात विचारले, चर कोणाच्या सांगण्यावरून बुजवले. काठीधाऱ्याच्या, लोकांनी सांगितले. तो कुठे आहे? फौजेने नेला. त्याने एकेकाला वेगळे काढून विचारले आणि सगळ्यांनी तेच सांगितले. या वेळी पाठ करावे लागले नव्हते. ते निघून गेले. आजूबाजूच्या गावांत त्या काळात काय झाले ते येथे लिहीत नाही. पुकाकासामधली घरे शाबूत राहिली.

नासारियो आला नाही. मेला असेही कोणी कळवले नाही. दरवर्षी पावसात ती हातभर जागा गाळाने भरे आणि दरवर्षी मेल्चोरा जाऊन ती उपसून काढी. फाएनाच्या वेळी लोक तिथवर येऊन थांबत. नवा काठीधारी तिच्या नवऱ्याच्या नावाने तुकडा मापी आणि ती एकटी तो पुरा करी. लिमाहून मुलगी न्यायला आली, तेव्हा मेल्चोराने विचारले, मी गेले तर ते कोण उपसेल. मुलगी एकटीच परतली. तोंडाचा फटकळपणा गेला नव्हता, चिचाही पहिल्यासारखीच होई. पण ती बसलेली असे तेव्हा नेहमी रस्त्याकडे तोंड करून.

अशी पंचवीस-सव्वीस वर्षे लोटली. मग सरकारला रस्त्याची आठवण झाली. यंत्रे आली, खडी आली, डांबराचा वास गावभर पसरला. ठेकेदाराच्या माणसाने चढावर चालत जाऊन पाहणी केली आणि कडेचा तो खळगा बुजवायला हवा, असे सांगितले. उद्या आमचे यंत्र भरून टाकील, तो म्हणाला.  त्या वर्षीचा काठीधारी खालल्या आळीचा होता. तो माझ्याकडे आला आणि आपण जाऊन ठेकेदाराला अडवू म्हणाला. आम्ही प्रथम मेल्चोराकडे गेलो.

ती ब्याऐंशी वर्षांची होती. तिने सगळे ऐकून घेतले आणि बराच वेळ काही बोलली नाही. तिच्या नवऱ्याची ती सवय आता तिला लागली होती.

"यंत्र नको," ती म्हणाली. "आणि मी पण नाही. तुम्ही भरा."

काठीधाऱ्याला वाटले त्याने नीट ऐकले नाही. "आम्ही? खालल्या आळीनं?"

"वरल्या आळीचा माणूस आहे. मग कोण भरणार?"

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे गाव चढावर गेले. मेल्चोराने सोबत नासारियोचा अंगावर घ्यायचा एक लोकरी पोंचो आणला होता. तिने तो घडी घालून खळग्यात ठेवला, वर कोकाची पाने ठेवली, थोडी चिचा ओतली आणि ती बाजूला झाली. तिच्या हातात फावडे नव्हते. काठीधाऱ्याने पहिली माती लोटली, मग त्याच्या आळीच्या घरांनी एकेक करून. बायकांनी, थडग्यावर गातात ते गाणे उंच आवाजात धरले. ठेकेदाराचा माणूस यंत्राजवळ उभा राहून घड्याळ पाहत होता. त्याने मला विचारले, एवढ्याशा खड्ड्याला इतके लोक कशाला. पुरताहेत, मी सांगितले. कोणाला, त्याने विचारले, आणि मी त्याला नाव सांगितले. त्याने चालकाला यंत्र बंद करायला लावले.

जागा पूर्ण भरल्यावर मेल्चोराने वाकून तळहाताने माती सारखी केली. मग लोक तिथेच रस्त्याच्या कडेला बसले आणि मयतानंतर जेवतात तसे उकडलेला मका आणि बटाटे जेवले. ठेकेदाराच्या माणसांनाही वाढले गेले. डांबर टाकण्याचे काम दुपारनंतर सुरू झाले.

त्या हिवाळ्यात तिने मुलीला निरोप पाठवला, की आता येते म्हणावं, आणि लिमाच्या बसमध्ये बसून ती गेली.